बांधावरचा पाट

११ मार्च

धाकटे,

पत्र पाहून दचकू नकोस. कोणी मेलेलं नाही.

मायना लिहिलेला नाही. इतक्या वर्षांनी कोणता लिहावा हे ठरवण्यात अर्धी सकाळ गेली आणि मला दुसरी कामं आहेत. गहू खळ्यावर पडलाय. तेव्हा हे पत्र कामापुरतं आहे असं समज.

बांधाची सरकारी मोजणी होणार आहे. अर्ज आम्हीही केला आणि तुझ्या सासऱ्यांनीही केला. एवढ्या एका बाबतीत दोन्ही घरांचं एकमत झालं. निमित्त तुझ्या मोठ्या दिरांचं. नांगरताना त्यांनी बांधाला घासून ट्रॅक्टर घातला, आपला गडी आडवा गेला, आणि बांधावर दगडांना काही तोटा नाही. गड्याच्या कानामागे टाके पडले. चार दिवसांनी त्यांच्या विहिरीवरच्या मोटारीत कोणीतरी वाळू टाकली. कोणी, ते मी आपल्या गड्याला विचारलेलं नाही.

तुला सगळं ठाऊक आहे, तरी एकदा सरळ लिहिते, कारण तुझ्या आठवणीत आणि आमच्या आठवणीत फरक आहे. आपलं शेत आणि त्यांचं शेत यांच्यामध्ये एक बांध. बांधावर हद्दीचा दगड होता, आजोबांच्या काळात मोजणीवाल्यांनी रोवलेला, डोक्यावर फुली कोरलेला. तुझ्या सासऱ्यांना कुंपण घालायचं होतं म्हणून ते दगड शोधायला गेले, तर दगड नाही. ते म्हणाले, अप्पांनी उपटला आणि बांध आमच्यात सरकवला. अप्पा म्हणाले, त्यांनीच उपटला आणि बांध आपल्यात सरकवला. तोवर दोघांचा तंबाखूसुद्धा एका डबीतला होता. मग गावाची बैठक बसली, आणि तू सगळ्यांसमोर उभी राहून म्हणालीस की लहान असताना, एका संध्याकाळी, तू अप्पांना तिथे पहारीने दगड उचकटताना पाहिलं होतंस.

अप्पा म्हणाले, "मी त्या बांधावर जन्मात पहार नेलेली नाही."

पुढे दोन महिन्यांत तू त्यांच्याच धाकट्या मुलाशी लग्न करून गाव सोडलंस. लोकांनी त्यातून काय अर्थ काढायचा तो काढला. तुझ्या सासऱ्यांनी तुझी साक्ष ठेवून घेतली, सून मात्र ठेवून घेतली नाही. अप्पांनी तर तुझं नावच टाकलं. ते सगळं झालं गेलं.

आता काम. तुझे सासरे मोजणीवाल्यापुढे तुझी ती साक्ष पुन्हा काढणार आहेत. त्याआधी तू एक कागद लिहून पाठव: 'तेव्हा मी लहान होते, काय पाहिलं ते आता नीट आठवत नाही.' एवढंच. यात खोटं काही नाही. त्या वयातलं कोणाला काय नीट आठवतं?

अप्पा थकलेत. थोडा खोकला आहे, काळजीचं नाही. जमिनीत त्यांना आता रस नाही. त्यांना इतकंच हवंय की मोजणीवाल्याने चारचौघांत म्हणावं, या माणसाने दगड उपटला नाही. "चोर म्हणवून घेऊन मी जाणार नाही," असं रोज एकदा म्हणतात.

तू यायची गरज नाही. कागद पुरे.

— मोठी

२४ मार्च

धाकटे,

तुझं कार्ड आलं. 'ताई, जे पाहिलं ते पाहिलं.' एवढी एक ओळ लिहायला तुला इतके दिवस लागले.

अक्षर अजून उजवीकडे पडतं. मी पट्टी घेऊन बसायचे, तरी पडायचंच. तुझं कोणतंही वळण मला सरळ करता आलं नाही, हे मान्य करायला हवं.

मी काय केलं ते ऐकवणार नाही. आई गेली, मी नुकतीच बी.ए. होऊन आले होते, घरात तू होतीस, आणि माझं पुढे काय याची चौकशी कोणी केली नाही. मीही केली नाही. गाव अजून मला 'बी.ए. बाई' म्हणतं. पूर्वी कौतुकाने म्हणायचे, आता बियाण्याच्या दुकानात भाव करताना म्हणतात.

पण एक विचारते. अप्पांचा नियम आठवतो का तुला? रिकाम्या हाताने बांधावर यायचं नाही. शेतातून बांधाकडे निघालं की वाटेतला एक दगड उचलायचा आणि बांधावर टाकायचा. मग तो माणूस घरचा असो की गडी, की पाहुणा. तुझा नेम चांगला होता. तू लांबूनच भिरकावायचीस, आणि अप्पा म्हणायचे, "ही पोरगी सगळं शेत निवडून टाकील." तुझ्या सासरीही हाच नियम. नवरा सांगेल तुला.

आणि तो मोठा चपटा दगड, आपण ज्याला पाट म्हणायचो? मी कॉलेजच्या वसतिगृहातून परत आले तेव्हा तो बांधावर होताच. शेतात तो नांगराला अडायचा, फाळ मोडायचा, म्हणून अप्पांनी एकट्याने काढून तिथवर नेला. हे त्यांनी आल्यागेल्या प्रत्येकाला सांगितलंय, पावणेरावळे कंटाळेपर्यंत. त्या पाटावर बसून आपण दुपारी भाकरी खाल्ली. त्याच्यावर बसून मी तुला भूगोल शिकवला. त्याच्यावर बसून पुढे तू आणखी कोणाशी काय बोललीस तेही मला माहीत आहे. मी आंधळी नव्हते, फक्त बोलले नाही.

त्या माणसाची मुलगी आहेस तू. त्याच्या नावापेक्षा लहानपणची एक संध्याकाळ मोठी ठरली.

अप्पांनी विचारलं, टपाल आलं का. मी म्हटलं, नाही.

परवा डॉक्टर येऊन गेले. सहज आले होते.

पुन्हा लिहिणार नाही.

— मोठी

६ एप्रिल

धाकटे,

लिहिणार नाही म्हटलं होतं, पण मोजणी झाली, आणि दुसऱ्या कोणाकडून कळलं तर तुला उलटसुलट कळेल.

सकाळपासून अर्धं गाव बांधावर जमलं होतं. अप्पांना खुर्चीसकट ट्रॉलीत बसवून नेलं. पलीकडे तुझे सासरेही खुर्ची टाकून बसलेले. छत्री धरायला नातू. मोजणीवाला कडक होता. दोन्ही घरांचा चहा त्याने नाकारला, स्वतःच्या बाटलीतलं पाणी प्यायला.

तुझे सासरे मला मोठ्याने म्हणाले, "काय बी.ए. बाई, बापाला औषध पाजून आणलंय ना? निकाल ऐकेपर्यंत टिकू द्या म्हणजे झालं."

अप्पा माझ्याकडे बघून म्हणाले, "त्याला सांग, त्याला पोचवल्याशिवाय मी जात नाही."

"अप्पा म्हणताहेत की—"

"ऐकलं. बहिरा नाही मी. त्याला म्हणावं, रांगेत ये."

लोक हसले. अप्पाही मनातून खूश होते. ते दोघं असे आमच्यामार्फत भांडतात तेव्हा अप्पांना भूक लागते, हे मी कित्येकदा पाहिलंय.

मोजणीवाल्याने तुझी साक्ष वाचूनही पाहिली नाही. म्हणाला, "माणसांचं नंतर. आधी साखळी बोलू दे." आधी आपलं शेत मोजलं. ते नकाशापेक्षा कमी भरलं. अप्पांनी खुर्चीच्या हातावर थाप मारली. "बघा! कोणी खाल्लं ते आता बघा!" मग त्यांचं मोजलं. तेही कमी भरलं. जवळजवळ तेवढंच.

तुझे सासरे उठून उभे राहिले. "दोघांचीही कमी? मग गेली कुठे जमीन? उडाली?"

मोजणीवाल्याने पेन्सिलीने बांधाकडे दाखवलं. "नकाशात हा बांध एक माणूस चालेल एवढा आहे. आज यावरून दोन गाड्या शेजारी शेजारी जातील. हे दगड कोणाचे?"

"शेतातले," तुझे दीर म्हणाले.

"कोणाच्या शेतातले?"

मागून कोणीतरी फिस्सकन हसलं.

मी तिथे उभी होते आणि मला लाज वाटली. मी शिकलेली, जन्म त्या बांधाशेजारी गेला, आणि मला दिसलं नाही. आपण इकडून टाकत होतो, ते तिकडून टाकत होते. दगड घरंगळून खाली यायचे. फाळ मोडू नये म्हणून नांगर हातभर आतून फिरवायचा. त्या हातभर जागेत गवत माजायचं, मग तिथेही दगड पडायचे. पुढच्या वर्षी नांगर आणखी हातभर आत. दोन्ही घरं आपापलं शेत स्वतःच्या हाताने बुजवत होती आणि आखडलं की समोरच्याला शिव्या देत होती.

मग मोजणीवाल्याने नकाशावरून हद्दीच्या दगडाची जागा काढली आणि ढिगावर चुन्याची खूण केली. खूण पाटावर पडली.

तुझ्या दिरांनी ट्रॅक्टरला साखळदंड लावून पाट ओढून आमच्या शेतात आणून टाकला. खालचे दगड माणसांनी हातांनी उपसले. आपले गडी आणि त्यांचे गडी एकाच खड्ड्यात वाकलेले, कोणी कोणाकडे बघत नव्हतं. कमरेएवढं खाली गेल्यावर दगड लागला. उभाच्या उभा. डोक्यावर फुली. तो कोणी उपटला नव्हता, कोणी सरकवला नव्हता. त्या जागेवरून तो हललाच नव्हता.

मोजणीवाला म्हणाला, "हद्द जागेवर आहे. कोणी कोणाचं काही घेतलेलं नाही." हेच ऐकायला अप्पा जगत होते, धाकटे. त्याने ते मोठ्याने, स्वच्छ म्हटलं. पण कोणी ऐकलं नाही, कारण त्याच वेळी गर्दीतून कोणीतरी विचारलं, "हा पाट इथे आणला कोणी होता?"

आणि ते सगळ्यांना माहीत होतं. अप्पांनीच तर सगळ्यांना सांगून ठेवलं होतं.

तुझे सासरे हळूच म्हणाले, ओरडले असते तर बरं झालं असतं, "उपटला नाही त्याने. गाडला."

मला वाटलं, अप्पा आता खुर्चीतून उठतील. ते हद्दीच्या दगडाकडे बघतसुद्धा नव्हते. ते पाटाकडे बघत होते. ट्रॉलीत चढवताना ड्रायव्हरला एवढंच म्हणाले, "हळू ने."

आता गावात नवं नाव पडलंय. पूर्वी उपटणारा म्हणायचे.

— ताई

९ एप्रिल

धाकटे,

अप्पा जेवत नाहीत. बोलतही नव्हते. आज सकाळी मी त्यांची दाढी करत होते. हात थरथरतो म्हणून हल्ली मीच करते. एका गालावर साबण लावून झाला होता.

"पहार होती," ते म्हणाले.

"कोणती पहार?"

"माझ्या हातात. पाट काढला त्या दिवशी. धाकटी विहिरीपाशी उभी होती. मी बघितलं होतं तिला."

मी वस्तरा खाली ठेवला. "मग बैठकीत तसं सांगायचं होतं, अप्पा."

"काय सांगायचं? पहार होती म्हटलं असतं तर दगडही मीच उपटला असता. पुढचं ऐकून कोण घेणार होतं? तू घेतलं असतंस?"

मी विचारलं, "खाली हद्दीचा दगड होता, तो दिसला नाही?"

"गुडघाभर गवत होतं. वर आधीचे दगड पडलेले. सपाट दिसलं तिथे पहारीने पाट ढकलला." मग म्हणाले, "बारका दगड असता तर शपथ घेतली असती मी. एवढा मोठा, मीच आणलेला. आता कोण मानेल?"

मी मानते. गाव मानणार नाही. तू काय मानशील ते मला माहीत नाही, पण ते पुढे जे म्हणाले ते जसंच्या तसं लिहिते:

"धाकटी खोटं बोलली नव्हती. खोटं मी बोललो. चारचौघांत बोललो, आणि खरं बोलल्याबद्दल तिला घराबाहेर काढलं. तिला लिही."

"तुम्हीच लिहा ना. मी कागद देते."

"तूच लिही. तुझं अक्षर सरळ आहे."

साबण गालावर वाळून गेला होता. पुन्हा पाणी गरम करावं लागलं.

तेव्हा, मी मागितलेला तो कागद पाठवू नकोस. तुला नीट आठवत होतं. माझं मार्चमधलं दुसरं पत्र फाडून टाक, भूगोलाचा भाग सोडून.

आणि मी लिहिलं नव्हतं ते आता लिहिते. नुसता खोकला नाही. फुप्फुसांत पाणी आहे. डॉक्टर सहज आले नव्हते, एक दिवसाआड येतात. ते मला अंगणात नेऊन बोलतात आणि अप्पा खिडकीतून माझ्या तोंडाकडे बघत असतात, म्हणून मी तिथे कांद्याच्या भावाबद्दल बोलत असल्यासारखा चेहरा करते.

ये. नवऱ्याला घेऊन ये किंवा एकटी ये. लवकर ये.

— ताई

२० एप्रिल

धाकटे,

तार मिळाली असेल. तारेत मावलं तेवढं लिहिलं.

अप्पा परवा दुपारी गेले. मी पाणी पाजत होते. एक घोट घेतला, दुसरा घेतला नाही. सकाळी विचारत होते, टपाल आलं का. या वेळी मी खरंच सांगितलं, नाही.

तुझं कार्ड काल आलं. 'येते. पण कोणत्या घरी उतरू ते कळव.' मी ते कार्ड हातात घेऊन ओसरीत किती वेळ बसले होते ठाऊक नाही. तुझ्यावर चिडावं असंही वाटलं. हे विचारण्यात दिवस गेले. पण विचारायची वेळ तुझ्यावर कोणी आणली, हे मला कळतं. बी.ए. आहे मी.

काल तुझे सासरे बांधावर आले. आपल्या बाजूला पाऊल टाकलं नाही, त्यांच्याच बाजूला उघड्या पडलेल्या त्या दगडापाशी उभे राहिले. तुझे दीर दोनदा बोलवायला येऊन गेले, तरी हलेनात. शेवटी मीच गेले.

"काका, ऊन आहे. घरी जा."

"घरी जाऊन काय करू?" ते म्हणाले. "सकाळी उठलं की त्याला काय बोलायचं ते ठरवायचो मी. आता कोणाला बोलू? माझा मोठा नुसता हो हो म्हणतो."

मी डोक्यावर पदर घेऊन तिथेच उभी राहिले.

"त्याने मुद्दाम गाडला नाही, ठाऊक आहे मला," ते म्हणाले. "आम्ही बरोबरच वाढलो. लपवायचं असतं तर एवढा मोठा दगड वर ठेवून गावभर सांगत सुटला असता का तो? त्या दिवशी जिभेवर आलं, बोललो."

"हे त्या दिवशीच म्हणायचं होतं, काका. ते ऐकत होते."

"हो," ते म्हणाले, आणि तिथेच खाली बसले. मग तुझ्याबद्दल विचारलं. "सुनेला पत्र घाल. मुलालाही ये म्हणावं. मला लिहिता येत नाही." खरं तर त्यांना लिहिता येतं. अप्पा आणि ते एकाच बाकावर बसायचे. पण मी घालते म्हटलं.

तेव्हा हे पत्र दोन्ही घरांकडून आहे असं समज. त्यांच्याकडे उतर, आपल्याकडे उतर. मधलं अंतर आता कमी आहे. बांध दोन ठिकाणी फुटलाय आणि माणसं सरळ ये-जा करतात. बाकी फार काही बदललेलं नाही. मोजणीवाल्याने रेघ आखून दिली, ती दगडांच्या ढिगामधून जाते. अर्धा ढीग त्यांचा, अर्धा आपला. तो उपसून दगड न्यायचे कुठे हे कोणालाच माहीत नाही. तुझ्या दिरांनी आज नांगर धरला. मी पाहिलं, फाळाला लागलेला दगड त्यांनी उचलला आणि सवयीने बांधावर टाकला. मग क्षणभर थांबून त्याच्याकडे बघत राहिले. मग पुढे गेले.

मला हसू येणार होतं. पण परत येताना माझ्याही हातात एक दगड होता. कधी उचलला ते आठवत नाही. बांधापाशी आले आणि टाकवेना. शेतात परत टाकायचा म्हटलं तर अप्पा दिसले. शेवटी घरी घेऊन आले. आता तो ओसरीच्या पायरीवर आहे आणि येणारा जाणारा त्याला अडखळतो.

पाट अजून आपल्या शेतात तिथेच आहे, ओढून टाकला होता तिथे. पेरणीच्या आधी तो हलवावा लागेल. मी गड्यांना अजून सांगितलेलं नाही. तू आलीस की दोघी मिळून ठरवू. तोवर दुपारी त्याच्यावर बसता येतं.

त्यांचं वाक्य मागच्या पत्रात लिहिलंय, ते नीट वाचलंस ना? ते पत्र फाडू नकोस. त्यांच्या तोंडचं ते तुला मिळालेलं शेवटचं आहे, आणि ते माझ्या अक्षरात आहे, याला माझा इलाज नाही.

ये, धाकटे. स्टेशनवर कोणी येणार नाही, मला गहू पाखडायचाय. पायवाटेने ये, शेतातून, पूर्वीसारखी. मी बांधावर असेन.

आणि वाटेत काही उचलू नकोस. रिकाम्या हाताने ये.

ताई